मदत हवी: वेळ वाकते अशा जगातल्या इन्व्हेंटर बाईचं आयुष्य कसं लिहू?

चिमणी_उडाली:

नमस्कार मंडळी, बरेच दिवस वाचनमात्र होते, आज पहिल्यांदाच धागा काढतेय, चुकलंमाकलं सांभाळून घ्या.

तर झालंय असं की गेली दीड-दोन वर्षं मी एक फँटसी कादंबरी लिहितेय. लिहितेय म्हणजे अकरा प्रकरणं झालीत आणि आठ महिने झाले बारावं काही हलत नाहीये. नायिका रेवती, तांबटाची मुलगी, हातात कसब आहे, पोथ्यापुस्तकांशी फारसा संबंध नाही, पण डोकं सतत चालू. जग असं आहे की एक प्रचंड खोल दरी आहे, वर कड्यावर वस्ती, मधे उतारावर वस्ती, एकदम तळाशी नदीकाठी वस्ती, आणि जितकं खाली जाल तितकी वेळ हळू चालते. वरचे दहा दिवस म्हणजे तळाचा एक दिवस. तळाशी वर्षभर राहून वर आलात की तुमच्या बरोबरीचे लोक दहा वर्षांनी म्हातारे.

आता मी ठरवलं होतं ते असं: रेवती सोळा वर्षांची असताना एक अनोळखी म्हातारी तिच्या दारात येते, हातात एका यंत्राचा आराखडा देते आणि निघून जाते. हे यंत्र काळ मागे फिरवतं. रेवती चाळीस वर्षं खपून ते बनवते, मग त्याच यंत्राने मागे जाते आणि सोळा वर्षांच्या स्वतःला तो आराखडा देते. म्हणजे ती म्हातारी तीच. मला हे सुचलं तेव्हा अंगावर काटा आला होता.

पण लिहायला बसले की मधली चाळीस वर्षं रिकामी दिसतात. ती रोज उठून नक्की करते काय? आराखडा तर तयारच आहे, मग ही इन्व्हेंटर कसली, ही तर कारागीर. आणि तिचं वय कुठल्या हिशोबाने मोजायचं, वरच्या की खालच्या, हा गोंधळ वेगळाच, तिचा एक धाकटा भाऊ आहे त्याचं वय मी तीन प्रकरणांत तीन वेगळी लिहिलीयेत. कोणी असं काही लिहिलंय किंवा वाचलंय का, किंवा नुसतं डोकं चालवायला आवडत असेल तर प्लीज सुचवा.

रात्रपाळी:

आधी एक चोंबडा प्रश्न. तुझी नदी वरून खाली येते ना? मग वरचं दहा दिवसांचं पाणी तळाला एका दिवसात येणार. तळाच्या माणसाच्या हिशोबाने ती नदी दहापट वाहतेय, म्हणजे बाराही महिने पूर. काठावर वस्ती कशी टिकली?

आणि सूर्य. सूर्य तर सगळ्यांचा एकच. तळाच्या माणसाचा एक दिवस होईपर्यंत वर दहा वेळा उजाडतं, तर त्यालाही सूर्य दहा वेळा उगवलेला दिसणार. म्हणजे एका सूर्योदयापासून दुसऱ्या सूर्योदयापर्यंत त्याच्या अंगच्या वेळेने फक्त २ तास २४ मिनिटं, जुन्या मापाने सहा घटका. माणूस जेवायला बसेपर्यंत संध्याकाळ. शिवाय दहा दिवसांचं ऊन एका दिवसात अंगावर, दरी नाही भट्टी झाली ती.

माझं म्हणणं असं नाही की आयडिया बाद कर, आयडिया फर्मास आहे. फक्त दहाचा आकडा फार मोठा आहे, तो उतरव. वरच्या साठ घटकांना तळाशी पन्नास असं कर ना. म्हणजे सहाला पाच. नदी जरा जोरात, ऊन जरा कडक, दिवस जरा आखूड, पण जगता येतं. आणि गंमत म्हणजे एवढासा फरक लोकांच्या लगेच लक्षातच येणार नाही. दहापट फरक आंधळ्यालाही कळतो, तिथे इन्व्हेंटर काय करणार? सहाला पाच असेल तर तो फरक शोधून काढणं हेच एका आयुष्याचं काम आहे.

निवांत_मी:

फँटसी आहे हो, जादूची दरी आहे म्हणा आणि सोडून द्या. नदीचा प्रवाह मोजत बसलं तर परीकथेतल्या परीचं पंखांचं वजन पण काढावं लागेल. बाकी तो म्हातारीचा भाग मला आवडला, ठेवा.

रात्रपाळी:

@निवांत_मी, परीच्या पंखांचं वजन मी काढत नाही कारण परी इन्व्हेंटर नाहीये. ज्या गोष्टीची नायिकाच इन्व्हेंटर आहे तिथे वाचक पण मोजणारच.

चिमणी_उडाली:

बापरे, सहा घटकांचा दिवस! हे डोक्यातच आलं नव्हतं. सहाला पाच घेतलं. दोन प्रकरणं पुन्हा लिहावी लागतील पण ठीके. आता आराखड्याचं काय करू?

खाटखूट:

आराखडा फाडून टाका. स्पष्ट बोलतो, राग मानू नका.

कारण साधं आहे. म्हातारीने आराखडा दिला, म्हातारीला तो तरुणपणी म्हातारीनेच दिला, मग तो काढला कोणी? कोणीच नाही. कोड्याच्या प्रेमात पडलेल्या लोकांना हे वर्तुळ आवडतं, मलाही कॉलेजात असताना आवडायचं, पण तुम्ही इन्व्हेंटरचं आयुष्य लिहिताय आणि तुमच्या कथेत इन्व्हेंशनच होत नाहीये. तुम्हाला ती चाळीस वर्षं रिकामी दिसतात ती म्हणूनच.

खऱ्या माणसाचं बघा. जॉन हॅरिसन, इंग्लंडमधला सुतार, जन्म १६९३, शिक्षण असं काही नाही, तुमच्या रेवतीसारखाच. समुद्रात जहाज पूर्व-पश्चिम नक्की कुठे आहे हे कळायला बंदरातली वेळ अचूक सांगणारं घड्याळ जहाजावर हवं होतं, आणि १७१४ साली तिथल्या पार्लमेंटने त्या प्रश्नाच्या उत्तराला २०,००० पौंडांपर्यंत इनाम लावलं होतं. जहाज हलतं, हवा थंड-गरम होते, तेल घट्ट होतं, लंबक तर समुद्रावर चालूच शकत नाही. या माणसाने एकामागून एक यंत्रं केली. तिसऱ्या यंत्रावर जवळजवळ १९ वर्षं घातली आणि ते काही मनासारखं झालं नाही. एकोणीस वर्षं! पण त्या फसलेल्या यंत्रातून दोन गोष्टी निघाल्या ज्या आजही वापरात आहेत, एक दोन धातूंची जोडपट्टी जी गरम झाली की वाकते, आणि दुसरी पिंजऱ्यात बसवलेली रोलरची बेअरिंग. मग चौथं केलं ते तळहातावर मावेल असं मोठ्या खिशातल्या घड्याळासारखं, १७६१ साली ते जमैकाच्या सफरीवर पाठवलं आणि दोन-अडीच महिन्यांच्या प्रवासात ते फक्त पाचेक सेकंद मागे पडलं. एवढं करून पैशाचा शेवटचा मोठा हप्ता हातात पडला तेव्हा हा ८० वर्षांचा.

आता यात रिकामी वर्षं कुठली आहेत सांगा. फसलेलं यंत्र, संशय, कमिटीतल्या लोकांशी भांडणं, परत फसलेलं यंत्र. रेवतीला असं काहीतरी द्या.

माझा स्वतःचा एक अनुभव सांगतो, छोटाच आहे. मला जुनी भिंतीवरची घड्याळं दुरुस्त करायचा नाद आहे. एक लंबकाचं घड्याळ माझ्याकडे आलं, चावी द्यायची, दहा-पंधरा मिनिटं चालायचं, बंद. मी सगळं खोललं, रॉकेलमध्ये धुतलं, भोकं साफ केली, लंबकाची टांगणीची पट्टी बदलली, पुन्हा जोडलं, पुन्हा बंद. दोन आठवडे असेच गेले, झोपेत पण चाकं दिसायची. शेवटी एका रात्री दिवा घालवून नुसता ऐकत बसलो तर टक आणि टॉक यांच्यातलं अंतर सारखं नाही, टक-टॉक......टक-टॉक...... असं लंगडतंय. घड्याळात काही बिघाडच नव्हता, मी ते भिंतीवर वाकडं टांगलं होतं. केसाएवढं सरळ केलं आणि चालू.

तुमच्या रेवतीचं अख्खं आयुष्य मला यात दिसतं. तिला वाटतं तिचं यंत्र चुकतंय. यंत्र बरोबर आहे, भिंत वाकडी आहे.

चिमणी_उडाली:

@खाटखूट काका (काका म्हटलं तर चालेल ना?) शेवटच्या दोन वाक्यांनी माझी झोप उडवली. म्हणजे असं का, की ती एक घटिकापात्र बनवते, बुडाला भोक असलेली तांब्याची वाटी, पाण्याच्या घंगाळात सोडायची, भरून बुडाली की एक घटका, टोला द्यायचा. वर कड्यावर सूर्योदयापासून सूर्योदयापर्यंत बरोबर साठ वेळा बुडते. तीच वाटी तळाला नेली की पन्नास वेळा. आणि सगळे म्हणतात पोरी तुझ्या वाटीचं भोक बुजलंय.

खाटखूट:

काका चालेल, वय झालंच आहे. आणि हो, अगदी तसंच. फक्त तिला लगेच खरं कळू देऊ नका. तिने आधी भोकालाच दोष द्यायला हवा, कुठलाही चांगला कारागीर आधी स्वतःच्या हातालाच दोष देतो.

उंटावरचा_शहाणा:

+१, आणि संशयांची यादी मी पुरवतो, फुकट.

पाणी गार असेल तर जास्त चिकट होतं, भोकातून हळू येतं, वाटी उशिरा बुडते. तेव्हा तळाचं पाणी थंड आहे म्हणून उशीर होतोय असं तिला वाटणार. मग ती वरचंच पाणी कोमट करून तळाला वापरून बघेल. मग पाण्यातला गाळ. मग तांब्यावर चढणारा हिरवा थर, भोक अरुंद होतं त्याने. प्रत्येक संशय खोडून काढायला एक ऋतू तरी जातो, झाली की तुझी पाच-सात वर्षं.

मग ती पाणी सोडून लंबकाकडे वळेल, आणि तिथे अजून मजा आहे. खऱ्या जगात १६७२ साली ज्याँ रिशे नावाचा फ्रेंच माणूस पॅरिसहून घड्याळ घेऊन विषुववृत्ताजवळ कायेनला गेला तर ते घड्याळ रोज सुमारे अडीच मिनिटं मागे पडायला लागलं. लंबक थोडा आखूड करावा लागला. तिथे वेळ वाकडी नव्हती, गुरुत्वाकर्षण किंचित कमी होतं. म्हणजे लंबक मागे पडला की दोन कारणं असू शकतात आणि दोन्ही घड्याळात नाहीत! रेवतीने लंबक, पाणवाटी, आणि जळणारी वात अशी तीन एकमेकांशी काही संबंध नसलेली घड्याळं एकाच वेळी खाली न्यावीत. तिन्ही सारख्याच प्रमाणात मागे पडली, साठाला पन्नास, तर मग दोष घड्याळाचा नाही. पाण्याला काय माहीत वातीने किती उशीर केलाय.

अवांतर: खऱ्या पृथ्वीवर पण खाली वेळ हळूच चालते बरं का. फरक इतका बारीक की अणुघड्याळं लागतात, २०१० साली अमेरिकेत एक घड्याळ दुसऱ्यापेक्षा फक्त ३३ सेंटीमीटर वर उचललं तर तो फरक मोजता आला. जीपीएसच्या उपग्रहांवरची घड्याळं दिवसाला ३८ मायक्रोसेकंद पुढे पळतात, ते सुधारलं नाही तर नकाशात रोज दहाएक किलोमीटरची चूक साठत जाईल. तेव्हा निवांतराव, जादूची दरी वगैरे काही नाही, आपण सगळे त्याच दरीत राहतो.

निवांत_मी:

बरं बाबांनो, हरलो. पण म्हातारी गेली याचं वाईट वाटतंय.

पाटी_पेन्सिल:

कोणीच विचारलं नाही म्हणून मी विचारते, नाव रेवती मुद्दाम ठेवलंय का?

पुराणात ककुद्मी राजाची गोष्ट आहे. त्याची मुलगी रेवती. तिला नवरा कोण शोधावा म्हणून तो तिला घेऊन ब्रह्मदेवाकडे गेला. तिथे गाणं चाललं होतं म्हणून थोडा वेळ थांबला. गाणं संपल्यावर त्याने मनातल्या वरांची नावं सांगितली तर ब्रह्मदेव हसले, म्हणाले अरे तू गाणं ऐकत बसलास तेवढ्यात खाली सत्तावीस चतुर्युगं उलटली, तुझ्या यादीतलं कोणी उरलं नाही, त्यांचे नातू-पणतू पण नाहीत. मग परत येऊन तिचं लग्न बलरामाशी झालं. त्यात एक भाग मला लहानपणापासून आवडतो, ती जुन्या युगातली म्हणून आताच्या माणसांपेक्षा कितीतरी उंच होती आणि बलरामाने नांगराच्या टोकाने तिला आपल्याएवढी करून घेतली. (आता मोठेपणी तेवढा आवडत नाही, तिला कोणी विचारलं का, असो.)

सांगायचा मुद्दा, त्या गोष्टीत वेळेचा सगळा हिशोब बाप आणि ब्रह्मदेव करतात, रेवती गप्प उभी आहे. तुझ्या रेवतीच्या हातात वाटी आहे. हे मुद्दाम केलं असशील तर भारी, सहज झालं असेल तर आता मुद्दाम कर.

वयाबद्दल: एकच नियम ठेव, रेवतीचं वय रेवतीच्या अंगच्या वेळेने. बाकी लोकांची वयं तिच्या नजरेतून. ती पंचविसाव्या वर्षी तळाला गेली, भाऊ तेव्हा वीस. तळाशी तीस वर्षं राहिली, वर छत्तीस गेली. परत आली तेव्हा ती पंचावन्न आणि धाकटा भाऊ छप्पन. आता तो तिला ताई म्हणणार का?

चिमणी_उडाली:

नाव सहजच सुचलं होतं, नक्षत्राचं नाव म्हणून ठेवलेलं, ही गोष्ट मला माहीतच नव्हती!! आता मात्र मुद्दाम. आणि ताईचा मुद्दा... थांबा, मला हे आत्ता लिहायचंय.

एकच अडलंय अजून. तिला खरं कळलं, पण ती लोकांना पटवणार कसं? वाट्या, वाती, हिशोब, हे सगळं तिने आधी दाखवून झालंय आणि कोणी ऐकलेलं नाही. वरचे म्हणतात तळाचे आळशी, साठ घटकांच्या मजुरीत पन्नास घटका काम करतात. तळाचे म्हणतात वरचे लबाड.

मंद्रसप्तक:

मी एरवी फक्त वाचतो, पण साठाला पन्नास वाचलं आणि कान टवकारले. सहाला पाच हे प्रमाण म्हणजे काय माहितीये का? षड्जापासून कोमल गंधार. सा जर पाच असेल तर कोमल ग सहा.

आता असं करा. एकाच साच्यातून ओतलेल्या दोन काशाच्या घंटा, शेजारी शेजारी वाजवल्या तर स्वर हुबेहूब एक, वेगळ्या ओळखूच येणार नाहीत. एक कड्यावर ठेवा, दुसरी तळाला न्या. तळाची घंटा वाजवली की वरच्या माणसाला ती उतरलेली ऐकू येणार, कारण तिची कंपनंच सावकाश होतायत. वरची घंटा कोमल गंधार धरली तर तीच घंटा तळातून षड्ज म्हणून ऐकू येणार. आणि तळाच्या माणसाला उलट, त्याची घंटा सा, वरून येणारी कोमल ग. दोघंही आपापल्या जागी उभे राहून आपापल्या कानाने ऐकतायत, आकडेमोड नाही, वाटी नाही, भोक नाही. बेसूर असेल त्यालाही कळेल इतका फरक आहे हा. घंटा वर आणली की पुन्हा दोन्ही एक.

आणि मधे मधे थांबत नेली तर स्वर प्रत्येक वस्तीवर थोडा थोडा उतरत जाईल. मला तर हा प्रसंग लिहिलेला वाचायचाच आहे.

खाटखूट:

वा. वा वा वा. मी घड्याळवाला असून मला सुचलं नाही हे.

उंटावरचा_शहाणा:

दंडवत घ्या मंद्रसप्तकजी. आणि चिमणीताई, तळाचे पिवळे दिवे पण वरून लाल दिसायला हवेत त्याच नियमाने, ते पहिल्या प्रकरणातच सहज टाकून ठेवा, कोणी लक्ष देणार नाही, शेवटी आठवेल.

चिमणी_उडाली:

रात्री अडीचला उठून लिहिलंय, कच्चं आहे, हसू नका:

“दारात उभा असलेला माणूस तिला आधी बाबाच वाटला. तीच कपाळावरची शीर, तसेच एका बाजूला झुकलेले खांदे. मग तो म्हणाला, ताई. रेवतीने गाठोडं खाली ठेवलं. तू आता मोठा आहेस माझ्यापेक्षा, ती म्हणाली, एका वर्षाने. त्याने बोटांवर मोजून बघितलं, लहानपणी मोजायचा तसंच, अंगठ्याने पेरांवर. मग म्हणाला, असेन, पण घंटा तूच वाजव.”

म्हातारी पण परत आलीये, निवांतदादा, तुमच्यासाठी. ती आता भविष्यातली रेवती वगैरे नाही, तळाहून आलेली एक अनोळखी बाई आहे, रेवती सोळाची असताना दारात येते आणि फक्त एवढंच म्हणते की तुमच्या इथे दिवस फार लांब असतो गं. आराखडा नाही, काही नाही. तिथून सुरू.

निवांत_मी:

आता बरं वाटलं. पुढचा भाग टाका लवकर.

पाटी_पेन्सिल:

पेरांवर मोजणं 👌 पुढील भागाच्या प्रतीक्षेत.

रात्रपाळी:

मस्त जमलंय. एक शेवटचा चोंबडेपणा करतो आणि जातो. घंटा दोराला बांधून दरीत सोडू नकोस. खाली जाताना आणि हेलकावे घेताना वाजली तर नुसत्या हालण्याने पण स्वर वरखाली होतो, आणि गावातला एखादा खवचट माणूस नेमकं तेच म्हणेल की घंटा हलत होती म्हणून. कोणाच्या तरी पाठीवर देऊन पायवाटेने पाठव, प्रत्येक वस्तीवर जमिनीवर ठेवू दे, हलायची पूर्ण थांबली की मग टोला.